आजीच्या ट्रंकेतल्या वस्तूंपासून कलाकृती कशी करावी?

तुम्ही विचारलंय की आजीच्या ट्रंकेत पत्रं, फोटो, रेशनकार्ड, अडकित्ता असं बरंच सापडलंय, ते नीट मांडलं तर कला होईल का. नुसतं मांडलंत तर नाही. मी त्यात एकदा तोंडावर आपटलोय, म्हणून सांगतो.

आमच्या गावच्या घरात खुंटीला तार असायची. पत्र वाचून झालं की तारेत टोचायचं. घर विकताना मी ती तार उचलली आणि सगळी पोस्टकार्डं एका प्रदर्शनात भिंतभर लावली. लोक 'अय्या, आमच्याकडे पण होती!' म्हणाले, सेल्फी काढून पुढे गेले.

नंतर कार्डं उतरवताना एकेक वाचत बसलो. लग्नं ठरलेली, बारशी झालेली, पाऊस लांबलेला, गाय व्यालेली, मनीऑर्डर पोचलेली. मेलेलं मात्र कुणीच नाही! मयताचं कार्ड कोपरा फाडून यायचं आणि वाचलं की फाडून टाकायचं, घरात ठेवायचं नाही. म्हणजे आमच्या तारेवर कुणी कधी गेलंच नव्हतं. दुसऱ्या खेपेला कार्डं तारखेने लावली आणि आईला विचारून, घरातलं माणूस गेलं त्या तारखेला एका कार्डाची जागा रिकामी सोडली. लोक थांबले ते त्या रिकाम्या जागांपाशी.

चित्रकार अतुल दोडियांची 'ब्रोकन ब्रांचेस' ही कलाकृती मला म्हणून जवळची वाटते. पोरबंदरच्या कीर्ती मंदिरात गांधीजींच्या स्मृती जपणारी काचेची लाकडी कपाटं आहेत. २००२ च्या गुजरात दंगलींनंतर दोडियांनी तशीच नऊ कपाटं केली. आत जुने फोटो, अवजारं आणि कृत्रिम हातपाय. कपाट तेच, पण स्मारकात जे कधी ठेवलं जात नाही ते आत आलं.

फ्रान्सचा कलाकार ख्रिश्चन बोल्तान्स्की याने तर स्विस वर्तमानपत्रातल्या निधनवार्तांचे फोटो कापून मोठे केले. स्विसच का? तर स्विस लोकांना मरायला इतिहासात काही खास कारण नाही, असं तो म्हणायचा. फोटोतली माणसं आपल्या पेपरातल्या 'दुःखद निधन'मधल्यासारखीच, चांगली जितीजागती. मरण बघणाऱ्याने घालायचं.

तेव्हा ट्रंकेत काय आहे याची यादी झाली की काय असायला हवं होतं आणि नाही, याचीही करा. (अडकित्ता आहे, मग पानाचा डबा कुणी नेला?) आणि वस्तू बाहेर काढण्याआधी, आहेत तशा थराथराने फोटो घ्या. एकदा उपसलंत की तो क्रम परत मिळत नाही. सेलोटेप, फेविकॉल, लॅमिनेशन अजिबात नको. भिंतीवर स्कॅन केलेल्या प्रती लावा. मी खरी कार्डं हॅलोजनखाली लावली होती. जांभळ्या शाईची दोन आता जेमतेम वाचता येतात.