मेक्सिकोत मोठी माणसं कॉमिक्स का वाचतात? ती सगळी चावटच असतात का?

सगळी नाही. मी मेक्सिको सिटीत नोकरीला असताना मेट्रोत हे रोज बघायचो. समोर सिमेंटने माखलेल्या बुटांचा माणूस, हातात तळहाताएवढं पुस्तक, मुखपृष्ठावर पिस्तूल, घोडा आणि कपडे कमी पडलेली बाई. ते 'एल लिब्रो बाकेरो'. १९७८ पासून निघणाऱ्या काउबॉयच्या गोष्टी, एका अंकात एक, खिशात मावणाऱ्या.

पण सुरुवात त्याच्या बरीच आधीची. १९३०च्या दशकात 'पेपीन' नावाचं कॉमिक चक्क रोज निघायचं. ते इतकं खपलं की लोक कुठल्याही कॉमिकला 'पेपीन'च म्हणू लागले, आपण वनस्पती तुपाला डालडा म्हणतो तसं. क्रांतीनंतर नुकतंच अक्षर ओळखू लागलेल्यांच्या हाती हेच पडलं. १९४४ मध्ये सरकारने अशा मासिकांवर नजर ठेवायला मंडळ नेमलं, पण धंदा काही थांबला नाही.

माझं सगळ्यात लाडकं म्हणजे गाब्रिएल बार्गास यांचं 'ला फामिलिया बुर्रोन'. १९४८ मध्ये सुरू झालं, शेवटचा अंक २००९चा. बुर्रोन मंडळी राहतात 'वेसिंदाद'मध्ये, म्हणजे मधे अंगण आणि भोवती खोल्या. आपली चाळच म्हणा! नवरा रेहिनो गरीब न्हावी, दुकानाचं नाव मात्र 'सोन्याची बट'. बायको बोरोला रोज पैसे कमवायची नवी शक्कल काढणार आणि अख्ख्या चाळीला गोत्यात आणणार. त्या काळच्या शहराची बोली ऐकायची तर हेच वाचावं.

व्यंगचित्रकार रियुस यांनी १९६५ पासून 'लोस सुपरमाचोस'मध्ये एका काल्पनिक गावाच्या आडून सत्ताधाऱ्यांची टोपी उडवली. १९६९ मध्ये त्यांना उचलून डोंगरात नेलं आणि गोळी घालण्याचं नाटक केलं. नुसत्या चावट चित्रांसाठी कोणी एवढे कष्ट घेत नाही.

चावट प्रकारही आहेच. 'सेन्सासियोनाल' नावाची पुस्तकं १९८०-९०च्या दशकांत ट्रक ड्रायव्हर, बाजारातले विक्रेते अशा नायकांवर निघाली. त्यातला 'आल्बूर' म्हणजे द्व्यर्थी बोलणं. ज्याने तमाशातली बतावणी ऐकलीय त्याला वेगळं समजवायला नको.

२००४च्या अखेरीस परराष्ट्र मंत्रालयाला अमेरिकेत चोरवाटेने जाणाऱ्यांना नदी आणि वाळवंटातले धोके सांगायचे होते. त्यांनी चित्रांची पुस्तिका काढली आणि वाटली ती 'एल लिब्रो बाकेरो'सोबत.