शेताचा तोंडी सौदा कोर्टात सिद्ध होतो का?

आपण विचारले आहे की, अमळनेर तालुक्यातील अडीच एकर शेताचा सौदा आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) दिवशी तोंडी ठरला, २ लाख रुपये इसार (सौदा पक्का करण्याची आगाऊ रक्कम) दिला, त्यांपैकी दीड लाख बँकेतून आणि ५० हजार रोख गेले, आणि आता शेतमालक खरेदीखत करून देण्यास नकार देत आहे. कागद नसताना सौदा सिद्ध करता येईल का? मी जळगाव जिल्ह्यात बरीच वर्षे दिवाणी दावे चालवतो, त्या अनुभवावरून सांगतो की सिद्ध करता येतो, पण सहज नाही.

मालमत्ता हस्तांतरण कायदा, १८८२ च्या कलम ५४ प्रमाणे १०० रुपये किंवा त्याहून अधिक किमतीच्या जमिनीची विक्री नोंदणीकृत दस्तानेच होते. मात्र विक्रीचा करार लेखीच हवा, असे बंधन कायद्यात नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९० मध्ये ब्रिज मोहन विरुद्ध सुग्रा बेगम या निकालात हेच सांगितले आणि त्याबरोबर हेही सांगितले की, केवळ तोंडी करारावर पूर्ततेचा हुकूम, म्हणजे खरेदीखत करून देण्याचा आदेश, मागणाऱ्या वादीवर, दोन्ही पक्षांचे सर्व मुद्द्यांवर एकमत होऊन करार पक्का झाला होता, हे सिद्ध करण्याची भारी जबाबदारी असते.

माझ्या एका पक्षकाराचा दावा नेमका इथेच अडला. सौद्याच्या वेळी ओट्यावर दोन साक्षीदार बसलेले होते आणि दोघेही खरे बोलणारे होते. उलटतपासात पहिल्याने भाव एकरी ठरल्याचे सांगितले, दुसऱ्याने उक्ता, म्हणजे पूर्ण शेताचा एकत्र, ठरल्याचे. मोजणीत क्षेत्र सातबाऱ्यापेक्षा चार आर कमी भरले होते, त्यामुळे दोघांच्या सांगण्यावरून किंमत वेगवेगळी निघत होती. किंमतच निश्चित नाही, म्हणून पूर्ततेची मागणी फेटाळली गेली. दाव्यात इसार परत मिळण्याची पर्यायी मागणी केलेली होती, म्हणून ती रक्कम तरी हाती आली. आपल्या दाव्यातही ही पर्यायी मागणी स्पष्ट शब्दांत असलीच पाहिजे.

आपले दीड लाख बँकेच्या उताऱ्यात दिसतील, परंतु समोरचा ते हातउसने होते असे म्हणेल, हे धरूनच चाला. रक्कम त्या शेताशी जोडणारा पुरावा हवा आणि तो बहुधा सौद्यानंतरच्या वागण्यात सापडतो. मालकाने आपल्याला सातबारा आणि आठ-अ (खातेउतारा) काढून दिला का, सोसायटीच्या कर्जाचा बोजा उतरवण्यासाठी तो आपल्यासोबत गेला का, मोजणीच्या दिवशी बांध दाखवायला तो स्वतः उभा होता का? माझ्या मते, मोजणीच्या कागदावरील त्याची एक सही चार नातेवाइकांच्या साक्षीपेक्षा अधिक वजनदार ठरते. व्हॉट्सॲपवर भावाविषयी बोलणे झाले असेल तर तो फोन जपून ठेवा. भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ प्रमाणे त्यासोबत प्रमाणपत्र जोडावे लागते.

इतके करूनही आपण स्वतः व्यवहार पुरा करण्यास सुरुवातीपासून तयार होतात, हे विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम १६ प्रमाणे दाखवावे लागते. उरलेली रक्कम कोठून येणार होती, हे पासबुक, ठेवीची पावती किंवा कर्जमंजुरीचे पत्र यांतून दिसले पाहिजे. अनेक प्रामाणिक खरेदीदार या एका मुद्द्यावर हरतात आणि त्याचे मला मनापासून वाईट वाटते.

सातबाऱ्यावर मालकाच्या भावाबहिणींची नावे असतील तर त्याच्या एकट्याच्या शब्दाने त्यांचा हिस्सा आपोआप बांधला जात नाही. हे आजच तपासा. शेताचा ताबा आपल्याकडे असला तरी मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५३अ चे, ताबा टिकवण्याचे संरक्षण तोंडी कराराला मिळत नाही.

खरेदीखताची तारीख ठरली असेल तर त्या तारखेपासून, आणि ठरली नसेल तर नकार कळल्यापासून, ३ वर्षांत दावा दाखल व्हायला हवा. मात्र तितके थांबू नका. तारीख, किंमत, क्षेत्र आणि चतुःसीमा नेमकेपणाने लिहून वकिलामार्फत पोचपावतीसह नोटीस पाठवा. दावा दाखल होताच मालकाने शेत दुसऱ्याला विकू नये म्हणून मनाईचा अर्ज द्या आणि दावा प्रलंबित असल्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवून घ्या. महाराष्ट्रात ही नोंद नसेल, तर मधल्या काळात शेत विकत घेणाऱ्या तिसऱ्या माणसावर आपल्या दाव्याचा निकाल लादणे फार कठीण जाते.