चीज आधी, गोड नंतर

प्रश्न : फ्रेंच जेवणात पदार्थ एकेक करूनच का येतात? आणि चीज अगदी शेवटी का?

उत्तर : गंमत म्हणजे एकेक वाढायची ही पद्धत मूळची रशियन! अठराव्या शतकात फ्रान्समधल्या बड्या घरांत टेबलावर ढीगभर पदार्थ एकदम मांडले जात. थाट मोठा, पण हाताशी येईल तेच खायचं आणि तेही गारढोण. एकोणिसाव्या शतकात रशियन रीत रुळली. मला विचाराल तर सुटलेच बिचारे.

चीज मात्र अगदी शेवटी नाही, मुख्य पदार्थानंतर आणि गोडाच्या आधी येतं. फ्रान्समधल्या ल्यों शहरात मी ज्यांच्याकडे राहायचे, त्या आजी ब्री या मऊ, सालीसकट खायच्या चीजचं टोक कुणाला कापू देत नसत. त्रिकोणी तुकड्याचं ते टोक सगळ्यात मऊ. ते एकट्याने लाटायचं नाही. बाजूने लांबट काप घ्यायचा, म्हणजे साल सगळ्यांच्याच वाट्याला येते. घरच्या जेवणात पावाला वेगळी बशीही नसे, तो थेट टेबलक्लॉथवर, आणि हातानेच मोडायचा. २०१० साली युनेस्कोने साग्रसंगीत फ्रेंच जेवण वारशाच्या यादीत घेतलं, त्या वर्णनातही चीज गोडाच्या आधीच आहे.