टीव्हीएनमध्ये नोकरी हवी? आधी टीव्हीएन कुणाचं ते पाहू

प्रश्न: माझी मुलगी बारावी कॉमर्सला आहे. कोरियन मालिका पाहता पाहता ती घरबसल्या ती भाषा शिकली, आता लिहितेही. तिला सोलला जाऊन टीव्हीएन या चॅनेलमध्ये काम करायचं आहे. हे चॅनेल सरकारी की खासगी? कुणी सांगतं सॅमसंगचं आहे. पुण्यातली एक संस्था साडेतीन लाखांत कोरियन मीडियाचा डिप्लोमा आणि तिथल्या इंटर्नशिपची हमी देते. पैसे भरावेत का? – एक पालक, कराड

उत्तर: अशा पत्रांत बहुतेक पालक पगार विचारतात. तुम्ही मालक विचारलात, ते बरं केलंत. तुमच्या मुलीनं पुढं काय शिकावं याचं निम्मं उत्तर मालकीतच आहे.

टीव्हीएन सरकारी नाही. आपल्या दूरदर्शनसारखं सार्वजनिक चॅनेल तिकडं केबीएस. त्याची 2,500 वॉनची महिन्याची फी लोकांना कित्येक वर्षं विजेच्या बिलातूनच भरावी लागायची. टीव्हीएन हे खासगी केबल चॅनेल, 9 ऑक्टोबर 2006 ला सुरू झालेलं. मालक सीजे समूह. सॅमसंगचं नाव तुम्हाला कुणी सांगितलं असेल तर तो माणूस अगदीच हवेत बोलत नव्हता. 1953 मध्ये, कोरियन युद्ध थांबलं त्याच वर्षी, सॅमसंगचे संस्थापक ली ब्युंग-चुल यांनी बुसानला चेइल जेदांग नावाचा साखर कारखाना काढला. सीजे म्हणजे तोच कारखाना. बाहेरून कच्ची साखर आणायची आणि शुद्ध करून विकायची, असा धंदा. पुढं पीठ आलं, मसाले आले, औषधं आली. साखर कारखान्यातून बँक, दूध संघ आणि इंजिनीअरिंग कॉलेज निघतं हे कराडच्या माणसाला समजावून सांगायची गरज नाही. तिकडं चॅनेल निघालं, इतकंच. फरक असा की आपला कारखाना निदान कागदावर तरी सभासदांचा असतो, तिकडचा एका घराण्याचा.

त्या घराण्यात वाटणी झाली. सॅमसंगची गादी धाकट्या मुलाकडे, ली कुन-ही यांच्याकडे गेली आणि थोरल्या मुलाच्या घराकडे चेइल जेदांग आलं. 1990 च्या दशकात हा कारखाना सॅमसंगपासून पुरता वेगळा झाला. थोरल्याची मुलं म्हणजे ली जे-ह्युन आणि त्यांची बहीण मिकी ली. 1995 मध्ये या दोघांनी एक धाडस केलं: हॉलिवूडमध्ये नव्यानं निघालेल्या ड्रीमवर्क्स स्टुडिओत 30 कोटी डॉलर घातले. साखर-पिठाच्या कंपनीला सिनेमाचं काय पडलंय, असं तेव्हा कितीतरी जणांना वाटलं असणार. पण त्याच वर्षी कोरियात केबल टीव्ही सुरू झाला होता. 1997 मध्ये त्यांनी एमनेट हे संगीताचं चॅनेल घेतलं, 1998 मध्ये सोलमध्ये सीजीव्हीचं पहिलं मल्टिप्लेक्स उघडलं आणि 2000 मध्ये टीव्हीवरून वस्तू विकणारी एक कंपनी विकत घेतली. ही शेवटची गोष्ट किरकोळ वाटेल, पण टीव्हीवर विकलेल्या तव्या-कढयांमधून रोख पैसा येतो आणि मालिकांना तोच लागतो. आपल्याकडे स्टार सीजे नावाचं खरेदीचं चॅनेल लागायचं, आठवत असेल. त्यातलं सीजे ते हेच.

टीव्हीएन पहिली काही वर्षं चटपटीत, थोडं सवंगच चॅनेल होतं. 2010 च्या सुमारास सीजेनं ऑन-मीडिया ही प्रतिस्पर्धी केबल कंपनी घेतली, 2011 मध्ये सगळे मनोरंजन धंदे सीजे ई अँड एम या एका कंपनीत आणले आणि केबीएसमधले तयार दिग्दर्शक एकेक करून स्वतःकडं ओढले. माझ्या मते टीव्हीएनचं खरं भांडवल इथं आहे. माणसं सरकारी चॅनेलनं घडवली, कमाई साखरवाल्यांनी केली. 'रिप्लाय' मालिका, मग 2014 ची 'मिसेंग', आणि 2020 च्या सुरुवातीला संपलेली 'क्रॅश लँडिंग ऑन यू', जिचा शेवटचा भाग 20 टक्क्यांहून जास्त रेटिंगवर गेला. केबल चॅनेलला हे आकडे पूर्वी स्वप्नातही दिसत नसत. 2018 मध्ये ही मनोरंजन कंपनी आणि ती टीव्ही-खरेदीवाली कंपनी एक झाली. आज टीव्हीएनची मालक म्हणून जिचं नाव लागतं ती सीजे ईएनएम ती हीच. तिचे साधारण 40 टक्के शेअर सीजेच्या मुख्य कंपनीकडं, आणि त्या मुख्य कंपनीचे सगळ्यात मोठे भागधारक ली जे-ह्युन.

(मुलगी जेटीबीसीच्या मालिकाही पाहत असेल, तर ते घर वेगळं. 2009 मध्ये कोरियानं वृत्तपत्रांना टीव्हीत यायला कायद्यानं वाट करून दिली. त्यातून 1 डिसेंबर 2011 ला जी चार चॅनेलं निघाली त्यातलं हे एक, जूंगआंग वृत्तपत्र समूहाचं. तो समूहही मूळचा सॅमसंगच्याच अंगणातला. कोरियात मालकीचा धागा ओढत गेलात की दोन-चार आडनावांपाशीच पोचता.)

आता तुमच्या मुलीचं. टीव्हीएनवर दिसणाऱ्या बहुतेक मोठ्या मालिका टीव्हीएन स्वतः बनवत नाही. 2016 मध्ये सीजेनं आपला मालिका विभाग वेगळा काढून स्टुडिओ ड्रॅगन ही कंपनी केली आणि पुढच्याच वर्षी ती शेअर बाजारात आणली. निम्म्याहून अधिक शेअर अजून सीजे ईएनएमकडं आहेत, 2019 मध्ये नेटफ्लिक्सनंही थोडा हिस्सा घ्यायचं ठरवलं. स्टुडिओ ड्रॅगन मालिका टीव्हीएनला देते, तशी नेटफ्लिक्सलाही देते. 'द ग्लोरी' मुलीनं पाहिली असेल, ती टीव्हीएनवर कधी लागलीच नाही, पण ती बनवण्यात याच कंपनीचा हात. आणि स्टुडिओ ड्रॅगनच्या खाली आणखी लहान निर्मिती संस्था असतात, ज्यांच्या पगारावर किंवा रोजावर सेटवरची माणसं काम करतात. तिला सांगा, पुढच्या वेळी भाग संपला की लगेच पुढचा लावू नकोस. कोपऱ्यातल्या लोगोकडं बघू नकोस, शेवटी झरझर सरकणाऱ्या पाटीत कंपन्यांची नावं कोणती आहेत ते वहीत उतरव. तिला कोरियन वाचता येतं, म्हणजे हे तिला जमेल. आवडत्या पाच मालिकांचं एवढं केलं तरी आपल्याला अर्ज नेमका कुणाकडं करायचाय हे तिचं तिला कळेल.

कामाची दुसरी बाजूही तिला आत्ताच कळलेली बरी. 2016 मध्ये टीव्हीएनच्या एका मालिकेवर काम करणाऱ्या तरुण सहायक दिग्दर्शकानं आत्महत्या केली. कामाचे अमानुष तास आणि कंत्राटी माणसांना दिली जाणारी वागणूक यावर कुटुंबानं आवाज उठवला, पुढच्या वर्षी कंपनीला जाहीर माफी मागावी लागली. त्यानंतर आठवड्याला 52 तासांची मर्यादा टीव्ही क्षेत्रालाही लागू होऊ लागली. परिस्थिती सुधारली आहे, पण सेटवरचं काम म्हणजे छत्रीखालचा रोमान्स नव्हे. शिवाय 2023 मध्ये सीजे ईएनएम तोट्यात गेली आणि तिथल्या चॅनेलांनी मालिकांचे वार कमी केले. चॅनेलच्या नावावर आयुष्य बेतू नका असं मी म्हणतो ते यासाठी.

मग करायचं काय? सगळ्यात आधी भाषा, आणि तीही परीक्षेच्या कागदावर. टोपिक या परीक्षेचे सहा स्तर असतात. घरबसल्या शिकलेली मुलं बहुतेक पहिल्या दोनांत अडकतात, कारण मालिकेतलं बोलणं येतं पण अर्ज, बातमी, निबंध येत नाही. मीडियात काम करायचं तर पाचव्या-सहाव्या स्तराशिवाय गाडी पुढं सरकत नाही. इथून दोन वर्षं नीट अभ्यास केला तर चौथा स्तर गाठणं अवघड नाही. तिला बारावीला 80 टक्क्यांच्या वर गुण पडले तर कोरियन सरकारच्या जीकेएस शिष्यवृत्तीला अर्ज जरूर करायला लावा. विमानभाडं, फी आणि महिन्याचा खर्च सरकार देतं, पहिलं वर्ष फक्त भाषेचं असतं आणि त्यानंतर टोपिकचा तिसरा स्तर पार करून पदवीला बसायचं. अर्ज दिल्लीच्या कोरियन दूतावासामार्फत किंवा थेट विद्यापीठाकडं. स्पर्धा भरपूर आहे, पण फॉर्मला साडेतीन लाख लागत नाहीत.

शिष्यवृत्ती नाही मिळाली तर? कॉमर्सची पदवी सोडू नका. टीव्हीएनची कथा तुम्ही वर वाचलीत. त्यात शेअर, करार, विक्रीहक्क हेच जास्त आहे, आणि परदेशी माणसाला कोरियन मीडियात शिरायला दिग्दर्शनापेक्षा हा दरवाजा सोपा. तिथल्या निर्मात्यांच्या जागा भरतीच्या परीक्षांतून मातृभाषकांत भरतात, तिथं आपल्या मुलीनं डोकं आपटण्यात अर्थ नाही. पण मालिका दुसऱ्या देशात विकणं, सबटायटल, हिंदी डबिंगची संहिता तपासणं, ही कामं दोन भाषा पक्क्या असलेल्या माणसाचीच आहेत आणि त्यातली बरीच मुंबईत होतात. रांजणगावला एलजी आहे, तळेगावला ह्युंदाई आली आहे. दुभाष्याचं काम तिथं वर्ष-दोन वर्षं केलं तर कोरियन साहेबाशी बोलायची भीती जाते, चार पैसे गाठीला लागतात. तिला हे रटाळ वाटेल. 'मिसेंग' तिला परत बघायला सांगा, त्यातला नायक एका व्यापारी कंपनीत इंटर्न असतो आणि अख्खी मालिका फाइली, मेल आणि साहेबांच्या शिव्यांवर चालते.

डिप्लोमाचे पैसे आत्ता भरू नका. त्या संस्थेला लेखी विचारा: इंटर्नशिप नेमक्या कुठल्या कंपनीत, त्या कंपनीशी तुमचा करार कुठं आहे, मुलगी कुठल्या व्हिसावर जाणार, आणि जागा मिळाली नाही तर किती पैसे किती दिवसांत परत. टीव्हीएन किंवा सीजेचं नाव तोंडी घेतलं तर कंपनीचं पूर्ण नाव कागदावर मागा. पंधरा दिवसांत जे उत्तर येईल त्याची प्रत मला पाठवा. उत्तर आलंच नाही तर ते पैसे तिच्या टोपिकच्या फीला आणि दिल्लीच्या तिकिटाला ठेवा.