पाचवीतली मुलगी म्हणते १.२५ हे १.३ पेक्षा मोठं, कारण २५ हे ३ पेक्षा मोठे. तिला कसं समजावू?

१.३ मोठी: पूर्णांक सारखे असले की दशांशचिन्हानंतरचा पहिला अंक बघायचा, आणि ३ हा २ पेक्षा मोठा, तिथेच निकाल लागतो. पुढच्या ५ कडे वळायची गरजच नाही. मुलं चिन्हापुढचं ‘पंचवीस’ आणि ‘तीन’ असं वाचतात, म्हणून फसतात. ‘एक पूर्णांक दोन पाच’ असं वाचायला लावा. पहिलं घर दशांशाचं, दुसरं शतांशाचं, म्हणून १.३ म्हणजेच १.३०. मालवणच्या मासळी बाजारात नेलंत तर आणखी सोपं. इलेक्ट्रॉनिक काट्यावर वजन बहुधा तीन घरांत दिसतं: एक सुरमई १.२५०, दुसरी १.३००. म्हणजे १२५० ग्रॅम आणि १३०० ग्रॅम, मग वाद उरत नाही (भावाचा उरतो). समुद्राच्या भरतीची उंचीही मीटरमध्येच देतात, २.८५ आणि २.९ देऊन बघा, शून्य मात्र तिलाच जोडू दे. फक्त क्रिकेटची षटकं उदाहरणाला घेऊ नका. ४.५ म्हणजे तिथे साडेचार षटकं नव्हेत, चार षटकं आणि पाच चेंडू. वेळ ९.३० अशी लिहितात, तेही टिंब दशांशाचं नाही.