घरातल्या जुन्या व्हिडिओ कॅसेट आणि रिळं टाकून द्यावीत का?

टाकू नका. वडिलांनी सुपर ८ या छोट्या घरगुती फिल्मवर काढलेली रिळं आणि लग्न-बारशांच्या व्हीएचएस कॅसेट माळ्यावर पडून आहेत, आता त्या कोण बघणार, असं तुम्ही विचारलंय. आत्याच्या लग्नाची कॅसेट संगणकावर उतरवून घेईपर्यंत मीही हेच म्हणायचो.

१९९१ सालचं लग्न, रत्नागिरीकडचं गाव, घरापुढच्या खळ्यात मांडव. व्हिडिओवाल्याचा हॅलोजन नवरा-नवरीवर, पण मी बघत राहिलो ते त्यांच्या मागचं. शेणाने सारवलेलं खळं, तुळशीपाशी रचलेली केळीची पानं, पंगतीत वाकून तूप वाढणारी आजी. मध्येच ती कुणाला तरी सांगते, "अरे, पोरांना आधी वाढा." आजीचा आवाज आमच्याकडे आता एवढाच उरलाय. त्या खळ्यावर आज फरशी आहे आणि गाड्या लागतात.

हे सगळं टिपायला व्हिडिओवाल्याला कुणी सांगितलं नव्हतं. घरगुती चित्रणाचं मोल मला तिथेच दिसतं. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेने आपल्याच देशातल्या जपानी वंशाच्या लोकांना छावण्यांत डांबलं होतं. युटा राज्यातल्या टोपाझ छावणीत, तिथेच डांबलेल्या डेव्ह तात्सुनो यांनी गुपचूप आणवलेल्या ८ मिमी कॅमेऱ्याने तिथलं रोजचं जगणं टिपलं, बर्फ पडलेले दिवससुद्धा. १९९६ साली ते चित्रण अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदणीत, म्हणजे जतन करण्याजोग्या चित्रपटांच्या यादीत गेलं. तात्सुनो काही कसलेले दिग्दर्शक नव्हते, हौसेने शूटिंग करायचे.

आता कामाचं. रिळाचा डबा उघडून वास घ्या. व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर फिल्म खराब व्हायला लागली आहे. ते रीळ बाकीच्यांपासून वेगळं ठेवा आणि आधी तेच उतरवून घ्या. जुन्या प्रोजेक्टरवर लावून बघायचा मोह आवरा, आकसलेली फिल्म त्यात फाटते. कॅसेटच्या खिडकीतून टेपच्या कडेला पांढरी बुरशी दिसली तर ती साफ करून घेतल्याशिवाय व्हीसीआरमध्ये घालू नका. आमची एक कॅसेट दुकानदाराने तशीच घातली. टेप गुंडाळली गेली आणि मुंजीचा अर्धा भाग कायमचा गेला. उतरवून झाल्यावरही मूळ रिळं-कॅसेट कोरड्या, थंड जागी जपून ठेवा.

आणि घरातल्या मोठ्यांना शेजारी बसवून माणसांची नावं लिहून घ्या, शक्य तितक्या लवकर. आमच्या पंगतीतली जवळजवळ सगळी माणसं आत्याने ओळखली. आजीच्या मागे हिरव्या लुगड्यात उभी असलेली बाई कोण, हे मात्र तिलाही आठवेना.