हायकोर्टाची ऑर्डर होऊन आठ महिने झाले, सरकारी संस्था पैसे देत नाही. कंटेम्प्ट (कोर्टाच्या अवमानाची याचिका) टाकावी की थांबावं? निकालाला किती वेळ लागतो?

टाका. थांबू नका. तुम्ही लिहिलंय ना, घरातले मोठे म्हणतात साहेब चांगले आहेत, देतील, वाईटपणा कशाला घ्यायचा, ते वाचून राहवलं नाही. हेच मी सोलापुरात आमच्या घरी अकरा महिने ऐकलंय, चुलत्यांच्या तोंडून.

वडील एका सरकारी संस्थेतून रिटायर झाले, नाव लिहीत नाही. ग्रॅच्युइटीचा फरक अडकला होता, हायकोर्टाने १२ आठवड्यांत व्याजासकट द्या म्हणून स्पष्ट ऑर्डर केली. वडील ती कॉपी प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून दर सोमवारी जायचे आणि आवकला बसलेला क्लार्क म्हणायचा साहेब मीटिंगला गेलेत, पुढच्या सोमवारी या. चार महिने कॉपीवर आवकचा शिक्कासुद्धा मारून दिला नाही, शेवटी मी रजिस्टर पोस्टाने पाठवली. काकांचं एकच, शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये. अहो पायरी चढून, केस जिंकून आलोय आम्ही, आता हक्काच्या पैशासाठी परत हात का जोडायचे?

आणि या थांबण्यापायी सगळंच गेलं असतं. १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यात कलम २० आहे, अवमान झाल्यापासून एक वर्षात कंटेम्प्ट टाकावी लागते. ऑर्डरमधली मुदत संपली तिथून दिवस मोजा. आमचे अकरा महिने उलटलेले, वकिलांनी तारखा बघून कपाळाला हात लावला, त्याच रात्री सिद्धेश्वर एक्सप्रेस पकडून मी मुंबई गाठली. नोटीस साहेबांच्या स्वतःच्या नावाने निघाली आणि आठवड्यात त्याच ऑफिसातून वडिलांना फोन, बाबा जरा बँकेचा खाते नंबर सांगता का. ३१ वर्षं त्याच खात्यात पगार जमा करत होते! कोर्टात साहेबांचं बिनशर्त माफीचं अॅफिडेव्हिट आलं आणि केस निकाली निघाली. वडील मागच्या बाकावर बसले होते, काही बोलले नाहीत, फक्त पिशवीची घडी घालून खिशात ठेवली.

हां, तुमची ऑर्डर नीट वाचा. 'पैसे द्या' असेल तर ठीक, पण 'अर्जावर निर्णय घ्या' एवढंच असेल आणि त्यांनी अर्ज फेटाळला तर ऑर्डर पाळली असंच धरतात, मग हायकोर्टात नवीन रिट याचिका. त्यांनी अपील केलं असेल तर स्टे मिळालाय का बघा, नुसतं अपील म्हणजे स्टे नाही. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही आहे, पण साहेब जेलमध्ये जातील ही आशा धरू नका, पैसे निघणं महत्त्वाचं. वेळ किती ते कोर्टाच्या बोर्डावर, म्हणजे रोजच्या केसेसच्या यादीवर अवलंबून. आता सोलापूरकरांना मुंबईला पण जायला नको, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच आहे.

काका अजून म्हणतात थांबला असतास तरी मिळालेच असते. कोर्टातल्या तारखेच्या दोन दिवस आधी पैसे जमा झालेत काका, पासबुकात एन्ट्री आहे, घरी या, दाखवतो.